वस्तू सापडते, जागा हरवते

१९०६ साली नाशिक जिल्ह्यात, गोदावरी-दारणेच्या संगमाजवळ जोगलटेंभी येथे चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. त्यातली जी नाणी तपासली गेली तीच १३,२५० हून अधिक होती. सगळी मुळात क्षहरात क्षत्रप नहपानाची, पण त्यांतल्या सुमारे ९,२७० नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीने स्वतःची चिन्हे पुन्हा ठोकलेली होती. नाशिकच्या पांडवलेण्यांतील शिलालेखात गौतमी बलश्री आपल्या मुलाने क्षहरातांचा वंश निर्मूल केल्याचे सांगते. ती राजमातेने कोरवून घेतलेली प्रशस्ती आहे. तिच्यात घडलेले किती आणि वाढवून सांगितलेले किती, हे केवळ लेखावरून ठरत नाही. जोगलटेंभीच्या ढिगाने ते बऱ्याच अंशी ठरवले. हरलेल्या राजाचे चलन गोळा करून, त्यावर आपला ठसा मारून ते पुन्हा चालवण्याइतकी सत्ता सातकर्णीच्या हाती आली होती, हे त्यातून दिसले. यात पुरावा नेमका कशाचा आहे, याकडे लक्ष द्यायला हवे. एखादे सुटे नाणे फक्त एवढेच सांगते की कोणीतरी नहपानाच्या नाण्यावर सातकर्णीचा ठसा मारला. दहांतली सात नाणी ठोकलेली आणि उरलेली तशीच, अशी एकाच ठिकाणी एकत्र पुरलेली होती, हे फक्त साठा सांगू शकतो. ती नाणी सापडल्याबरोबर सराफांच्या दुकानांतून विखुरली असती, तर प्रत्येक नाणे शाबूत राहूनही हा इतिहास नाहीसा झाला असता.

उलटे उदाहरणही आपल्याकडचेच आहे. प्रवरेकाठच्या दायमाबादला १९७४ मध्ये झाडाची मुळे खणताना चार ब्राँझच्या वस्तू वर आल्या. बैल जुंपलेला, माणूस उभा असलेला रथ, आणि त्याबरोबर हत्ती, गेंडा व रेडा. भारतातल्या आद्य धातुकलेत या चौघांना तोड नाही. त्या कोणत्या काळाच्या, यावर मात्र जाणकारांचे एकमत नाही. एम. एन. देशपांडे, एस. आर. राव आणि एस. ए. साळी यांनी परिस्थितिजन्य पुराव्यावरून त्यांना उत्तर-हडप्पा काळात ठेवले. डी. पी. अगरवाल यांनी धातूचे पृथक्करण पाहून वेगळी शंका काढली. या वस्तूंत एक टक्क्याहून अधिक आर्सेनिक आहे आणि ताम्रपाषाणयुगीन इतर वस्तूंत असे मिश्रण आढळत नाही, तेव्हा त्या बऱ्याच नंतरच्या, ऐतिहासिक काळातल्या असू शकतील, असे त्यांचे म्हणणे. दोन्ही मतांमध्ये दीडदोन हजार वर्षांचे अंतर पडते. वस्तू अप्रतिम, संग्रहालयात सुरक्षित, देशभर प्रसिद्ध, आणि तरीही त्यांच्याविषयीचा पहिला प्रश्न खुला राहिला, कारण त्या जमिनीतून निघाल्या त्या क्षणी त्यांच्या भोवतीची माती, थर आणि खापरे कोणी टिपून ठेवली नाहीत. ज्याने त्या काढल्या त्याचा यात काहीच दोष नाही. शेतात मूळ खणणाऱ्या माणसाने थरांची नोंद ठेवावी, अशी अपेक्षा कोणी कधी त्याच्यापर्यंत पोहोचवलीच नव्हती.

पुरातत्त्वात वस्तूपेक्षा तिची जागा मोलाची असते, हे या विषयाच्या पहिल्या धड्यात शिकवतात. पण आपला कायदा, आपली संग्रहालये आणि वर्तमानपत्रांतल्या बातम्या वस्तूभोवतीच फिरतात. हंडा सापडला, किती नाणी निघाली, किंमत किती, तहसीलदारांनी पंचनामा केला, बस्स. संगणकामुळे जागेची नोंद ठेवणे आणि ती सर्वांना वापरू देणे आता पूर्वी कधी नव्हते इतके सोपे झाले आहे. माझे म्हणणे असे की महाराष्ट्राला सहजी सापडणाऱ्या पुरावशेषांची एक सार्वजनिक, मराठीतून चालणारी, खुली डिजिटल नोंदवही हवी. तिचा पहिला उद्देश वस्तू ताब्यात घेणे हा नसावा, 'काय, कुठे, कसे सापडले' हे टिकवणे हा असावा. आणि ती चालेल की नाही हे सॉफ्टवेअरवर ठरणार नाही, सापडणाऱ्याच्या दारी जाऊन बसणाऱ्या माणसावर ठरेल.

हे स्वप्नरंजन नाही, कारण इंग्लंड आणि वेल्समध्ये असे काम पंचवीस वर्षांहून अधिक काळ चालू आहे. तिथली परिस्थिती सुरुवातीला फार वाईट होती. १९७० च्या दशकात मेटल डिटेक्टर स्वस्त झाले आणि हजारो लोक सुट्टीच्या दिवशी ते घेऊन शेतांतून हिंडू लागले. पुरातत्त्वज्ञ संतापले. १९८० मध्ये त्यांनी या छंदाविरुद्ध देशव्यापी मोहीम उघडली. परिणाम उलटा झाला. छंद थांबला नाही, सापडलेल्या वस्तू मात्र लपवल्या जाऊ लागल्या. याला अपवाद नॉरफक परगण्याचा. तिथल्या संग्रहालयातील काही मंडळींनी भांडण्याऐवजी डिटेक्टरवाल्यांच्या मंडळांत जाऊन बसायला, त्यांच्या वस्तू पाहायला आणि नोंदवायला सुरुवात केली होती, आणि तिथून येणाऱ्या माहितीचा ओघ बाकी देशापेक्षा कितीतरी मोठा होता. १९९६ चा खजिना कायदा आणि १९९७ मध्ये प्रायोगिक स्वरूपात सुरू झालेली 'पोर्टेबल अँटिक्विटीज स्कीम' यांची मुळे या अनुभवात आहेत. २००३ मध्ये ही योजना संपूर्ण इंग्लंड-वेल्सभर पसरली. इंग्लंडमध्ये ब्रिटिश म्युझियम तिचा कारभार पाहते. तिच्या डेटाबेसमध्ये आज १५ लाखांहून अधिक वस्तूंच्या नोंदी आहेत आणि त्या जगात कोणालाही पाहता येतात.

या योजनेचे मर्म तिच्या दोन भागांत आहे आणि ते वेगवेगळे समजून घ्यायला हवेत. पहिला भाग सक्तीचा. कायद्याच्या व्याख्येत बसणारा खजिना, म्हणजे ठोकळमानाने ३०० वर्षांहून जुनी आणि निदान दहा टक्के सोने वा चांदी असलेली वस्तू, नाण्यांचे साठे, इतिहासपूर्व धातुवस्तूंचे संच, हे सापडले तर १४ दिवसांत कोरोनर या न्यायाधिकाऱ्याला कळवणे बंधनकारक आहे. संग्रहालयाला ती वस्तू हवी असल्यास स्वतंत्र समिती बाजारभावाने किंमत ठरवते आणि ती रक्कम सापडणारा व जमीनमालक यांना मिळते. दुसरा भाग पूर्णपणे ऐच्छिक, आणि आकाराने कितीतरी मोठा. खजिन्याची प्रकरणे वर्षाला हजारभराहून थोडी अधिक असतात. ऐच्छिक नोंदी चाळीस हजारांच्या पुढे जातात. झिजलेली रोमन नाणी, तुटके बकल, शिशाची वजने, कपड्याची पिन, ज्यांना बाजारात किंमत नाही अशाच बहुतेक. या नोंदींसाठी देशभर चाळीसेक अधिकारी परगण्यांच्या संग्रहालयांत नेमलेले आहेत. ते मंडळांच्या सभांना जातात, वस्तू काही आठवड्यांसाठी घेतात, मोजतात, तोलतात, छायाचित्रे काढतात, काळ ठरवतात, जागा विचारतात, नोंद करतात, आणि वस्तू परत देतात. परत देतात, हे वाक्य आपल्याकडच्या वाचकाने पुन्हा वाचावे. वस्तू सापडणाऱ्याच्या घरी गेली तरी तिच्यातले ज्ञान समाजाकडे राहिले.

अशा किरकोळ वस्तूंनी काय साधते, असे वाटेल. लिंकनशायरमध्ये ट्रेंट नदीकाठच्या टॉर्क्सी येथे इ. स. ८७२-७३ च्या हिवाळ्यात व्हायकिंग सैन्याने तळ ठोकला होता, असे अँग्लो-सॅक्सन बखरीत एका ओळीत लिहिले आहे. तळ नेमका कुठे, केवढा, कसा, हे कोणालाच ठाऊक नव्हते. डिटेक्टरवाल्यांनी वर्षानुवर्षे त्या शेतांतून उचललेल्या वस्तू ब्रिटिश म्युझियमच्या योजनेत आणि केंब्रिजच्या फिट्झविल्यम म्युझियमच्या नाणे-नोंदीत येत गेल्या, आणि त्या नकाशावर ठेवल्यावर तळ दिसू लागला. अरबी दिरहमांचे शंभराहून अधिक तुकडे, कापलेली चांदी, वजने, खेळातल्या शिशाच्या सोंगट्या. पुढे विद्यापीठांनी सर्वेक्षण केले तेव्हा तळाचा विस्तार सुमारे ५५ हेक्टर निघाला. म्हणजे ही छापेमारांची टोळी नव्हती. व्यापार करणारे, धातू वितळवणारे, नाणी पाडणारे, गावाएवढे सैन्य तिथे राहिले होते. यातली एकही वस्तू एकटी पाहिली तर संग्रहालयाच्या काचेतही जागा मिळवणार नाही. कुठल्याही एका विद्वानाने ही माहिती जमवलेली नाही. ती नोंदींच्या साठण्यातून, आणि त्या नोंदी सगळ्यांना एकत्र पाहता आल्यामुळे उभी राहिली.

सॉमरसेटमधल्या फ्रूमजवळचा प्रसंग विश्वासाची किंमत दाखवतो. एप्रिल २०१० मध्ये एका डिटेक्टरवाल्याला शेतात मडक्याच्या तोंडाशी रोमन नाणी दिसली. त्याने हात थांबवला, खड्डा बुजवला आणि अधिकाऱ्याला कळवले. पुरातत्त्वज्ञांनी ते मडके थराथराने रिकामे केले. ५२,५०३ नाणी निघाली. त्यांतली सर्वांत अलीकडची, करॉसियस या राजाची, बहुतेक नाणी मडक्याच्या निम्म्याहून खाली होती. मडक्यात वर्षानुवर्षे थोडी थोडी भर पडत गेली असती, तर ती सर्वांत वर असायला हवी होती. म्हणजे हा कोणाचा साठवणीचा गल्ला नव्हता. सगळी नाणी एकाच वेळी ओतली गेली होती. त्यातच मडके पातळ, आणि भरल्यावर उचलता न येण्याइतके जड. म्हणजे ते आधी जमिनीत बसवून मग भरले असणार, आणि ते परत काढण्याचा बेत होता की देवतेला अर्पण होते, हा प्रश्न त्यामुळे गंभीरपणे विचारता आला. त्या माणसाने सगळी नाणी बादलीत भरून घरी नेली असती तर एकही नाणे कमी भरले नसते, पण हा प्रश्नच उरला नसता.

यावर पहिला आणि सर्वांत रास्त आक्षेप असा की ही व्यवस्था लूट थांबवत नाही, उलट खजिना शोधण्याला प्रतिष्ठा देते. हा आक्षेप झटकून टाकण्यासारखा नाही. २०१५ या एकाच वर्षी इंग्लंडमध्ये दोन व्हायकिंगकालीन साठे सापडले. ऑक्सफर्डशायरमधल्या वॉटलिंग्टनचा साठा सापडणाऱ्याने कळवला. अधिकाऱ्याने तो मातीच्या ढेपेसकट उचलून प्रयोगशाळेत नेला, आणि २०१७ मध्ये ऑक्सफर्डच्या ॲशमोलियन संग्रहालयाने तो साडेतेरा लाख पौंडांना घेतला. हरफर्डशायरमधला दुसरा साठा दोघांनी लपवला आणि चोरट्या बाजारात विकायला काढला. फोनमधून पुसलेली छायाचित्रे तपासकांनी परत मिळवली तेव्हा कळले की नाणी तीनशेच्या आसपास होती. २०१९ मध्ये दोघांना मोठ्या शिक्षा झाल्या, पण निम्मी नाणीही हाती लागली नाहीत. दोन्ही साठ्यांत एक दुर्मीळ प्रकार होता, वेसेक्सचा आल्फ्रेड आणि मर्सियाचा चेओलवुल्फ या दोन राजांच्या नावांची, शेजारी बसलेल्या दोन सम्राटांचे चित्र असलेली नाणी. आल्फ्रेडच्या बाजूने लिहिलेल्या बखरीत चेओलवुल्फ हा व्हायकिंगांच्या हातातला मूर्ख सरदार ठरवलेला आहे. नाणी सांगतात की तो आल्फ्रेडचा बरोबरीचा मित्र होता. नंतर त्याचे नाव मागे टाकले गेले. आता विचार करा. वॉटलिंग्टनचा साठा नोंदवला गेला नसता तर हे फेरलिखाण कशाच्या आधारावर झाले असते? लूट नोंदवहीमुळे निर्माण झाली, असे म्हणता येत नाही. १९८० च्या मोहिमेच्या काळात ती होतीच, फक्त दिसत नव्हती. नोंदवहीने प्रामाणिक माणसाला जायला एक दार दिले, आणि त्यामुळे अप्रामाणिक माणूस वेगळा ओळखू येऊ लागला.

तरीही एक गोष्ट निर्विवाद आहे. आपल्याकडे मेटल डिटेक्टर घेऊन रानोमाळ हिंडण्याचा छंद नाही, आणि तो यावा असे मला मुळीच वाटत नाही. इंग्लंडकडून घ्यायचा तो डिटेक्टर नव्हे, नोंदणीची रीत. आपल्याकडे पुरावशेष सापडतात ते विहीर खोदताना, शेत सपाट करताना, जेसीबीने रस्ता फोडताना, तलावातला गाळ काढताना, गावाच्या पांढरीची माती शेतात किंवा वीटभट्टीला नेताना. पांढरीची माती वाहून नेणे ही तर महाराष्ट्रातल्या प्राचीन वसाहतींची रोजची, संथ हानी आहे. तिथे कोणी खजिना शोधत नसतो. ट्रॉलीत खापरे, मणी, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे जातात आणि कोणाला काही चुकल्याचे वाटत नाही. तेव्हा नोंदवहीमुळे लोक खजिन्यामागे लागतील ही भीती आपल्या बाबतीत फार लांबची आहे. नोंद न झाल्याने होणारे नुकसान मात्र दर उन्हाळ्यात घडत आहे.

दुसरा आक्षेप जागा उघड करण्याचा. ठिकाण जाहीर केले की चोर पोहोचतील, असे म्हणतात. ब्रिटिश योजनेने यावर साधा तोडगा काढला आहे. सापडल्याची जागा शक्य तितकी अचूक नोंदवायची, पण सर्वसाधारण वाचकाला ती साधारण एक किलोमीटरच्या चौकोनापुरतीच दाखवायची, आणि अचूक माहिती ओळख पटलेल्या संशोधकालाच द्यायची. फार संवेदनशील जागा याहूनही धूसर करता येतात. आपल्याकडे अनुभव असाही आहे की गुप्तता चोरांनाच मदत करते. तमिळनाडूतल्या देवळांतून चोरीला गेलेली श्रीपुरंतनची नटराजमूर्ती आणि वृद्धाचलमचा अर्धनारीश्वर २०१४ मध्ये ऑस्ट्रेलियाहून परत आले. पुदुच्चेरीच्या फ्रेंच इन्स्टिट्यूटमध्ये जपलेली जुनी छायाचित्रे त्या दाव्यात कामी आली. नोंद होती म्हणून आपली म्हणता आली. कोकणातल्या कातळशिल्पांबाबतही हेच दिसते. सुधीर रिसबूड, धनंजय मराठे आणि त्यांचे सहकारी सड्यांवरून हिंडले, गावकऱ्यांना विचारत गेले, एकेक चित्र टिपले. २०२२ मध्ये कोकणातली आणि गोव्यातल्या फणसमाळची मिळून नऊ ठिकाणे युनेस्कोच्या संभाव्य यादीत गेली. बारसूच्या सड्यावर मोठा प्रकल्प येण्याची चर्चा सुरू झाली, तेव्हा 'कातळशिल्पांचे काय' असे विचारता आले, ते ती कुठे आहेत हे आधीच कागदावर असल्यामुळे. प्रकल्पाचा आराखडा करणाऱ्याला जी जागा दिसत नाही ती त्याच्या दृष्टीने मोकळीच असते.

हौशी लोकांनी दिलेली माहिती विश्वासार्ह कशी, हा तिसरा प्रश्न. विश्वासार्ह नसतेच, पडताळल्याशिवाय. म्हणून प्रत्येक नोंदीवर तिची पायरी दिसली पाहिजे: फक्त कळवलेली, छायाचित्रावरून पाहिलेली, प्रत्यक्ष हाताळून तपासलेली. शिवकालीन होन आणि शिवराईच्या नकला बाजारात आहेत हे सर्वांना माहीत आहे. नोंदवहीतला क्रमांक दाखवून कोणी नकली नाणे खपवू पाहील, हेही गृहीत धरायला हवे. त्यामुळे नोंद म्हणजे मालकीचा वा अस्सलपणाचा दाखला नव्हे आणि किंमत तर नव्हेच, हे प्रत्येक पानावर छापावे लागेल. दुसरी अडचण असमतोलाची. ब्रिटिश डेटाबेसचा नकाशा पाहिला तर पूर्व आणि दक्षिणेकडची नांगरटीची सपाट शेते ठिपक्यांनी भरलेली, आणि वेल्सचे डोंगर, जंगले, शहरे विरळ दिसतात. हा नकाशा रोमनांचा जितका, तितकाच आजच्या नांगराचा आहे. पण हे त्या डेटाबेसमुळेच मोजता येते, कारण वस्तू कशी सापडली, जमीन कोणत्या वापरात होती, हे प्रत्येक नोंदीत असते. आपल्या संग्रहालयांतल्या जुन्या नाण्यांचा असमतोल कसला आहे, हे आपल्याला तपासताही येत नाही. ज्ञात दोष असलेली माहिती अज्ञात दोष असलेल्या माहितीपेक्षा शतपट बरी.

डेटाबेस कायद्याची जागा मात्र घेऊ शकत नाही, हे मान्य केले पाहिजे. मे २०१० मध्ये कंब्रियातल्या क्रॉस्बी गॅरेट येथे एक रोमन घोडेस्वाराचे मुखवटा-शिरस्त्राण तुकड्यांत सापडले. ते ताम्रमिश्रधातूचे आणि एकटेच, म्हणून कायद्याने खजिना ठरले नाही. लिलावाआधीच ते जोडून चकचकीत केले गेले, त्यामुळे अभ्यासाचा बराच भाग तिथेच बुडाला. मग ते तेवीस लाख पौंडांच्या आसपास खासगी हाती गेले. कार्लाइलचे संग्रहालय पैसे जमवूनही मागे पडले. या प्रकरणाची चर्चा बारा-तेरा वर्षे चालली आणि जुलै २०२३ मध्ये ब्रिटनने कायद्यात भर घातली. आता २०० वर्षांहून जुनी, असाधारण महत्त्वाची धातुवस्तू सोन्या-चांदीची नसली तरी खजिना मानता येते. अनुभव, नोंद आणि कायदा एकमेकांना सुधारत गेले.

आपल्याकडे अजूनही १८७८ चा इंडियन ट्रेझर ट्रोव्ह कायदा लागू आहे. ज्यांनी तो केला त्यांनी आपल्या घरचा कायदा बदलला, आपण तो जपून ठेवला. पण या कायद्यात एक चांगली गोष्ट आहे, तिच्याकडे कोणाचे लक्ष जात नाही. दहा रुपयांहून अधिक किमतीचे धन सापडले तर कलेक्टरला लेखी कळवायचे, आणि त्यात धनाचे स्वरूप, सापडल्याची तारीख आणि जागा लिहायची, असे तो सांगतो. म्हणजे जागेची नोंद कायद्याने दीडशे वर्षांपासून मागितलेली आहे. पण ती अर्जाच्या फाइलीत राहते, अभ्यासकापर्यंत नकाशा बनून येत नाही. आणि ज्याची किंमतच नाही अशा खापरांना, मण्यांना, पाट्या-वरवंट्यांना हा कायदा विचारतही नाही. सापडणाऱ्याचा वाटा तीन चतुर्थांशापर्यंत असू शकतो, हे गावात कोणाला ठाऊक नसते. न कळवल्यास वर्षापर्यंत कैद होऊ शकते, एवढे मात्र कानावर आलेले असते. १९७२ चा पुरावस्तू कायदा नोंदणी, व्यापाराचा परवाना आणि निर्यातबंदी यांवर भर देतो. तो चोरीविरुद्ध आवश्यक आहे, पण शेतकऱ्याच्या मनात तोही धाकच वाढवतो. आणखी एक भीती जमिनीची. केंद्रीय संरक्षित स्मारकाभोवती १०० मीटर बांधकामाला बंदी आणि त्यापुढे २०० मीटर नियंत्रण, हे २०१० च्या दुरुस्तीपासून लोकांच्या डोक्यात पक्के बसले आहे. शेतात मूर्ती सापडल्याचे कळवले की शेत गेले, असा सरळ हिशेब होतो. प्रत्यक्षात तो नियम संरक्षित स्मारकांपुरता आहे, नाणे सापडलेल्या प्रत्येक गटाला लागू नाही. पण हे सांगणारे कोणी गावात जात नाही. जातात ते गुप्तधन काढून देणारे भोंदू. गुप्तधनासाठी होणाऱ्या अघोरी प्रकारांना महाराष्ट्राला २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यात स्वतंत्रपणे गुन्हा ठरवावे लागले, ही आपल्या मातीतल्या पुराव्याभोवतीची आजची लोकसमजूत आहे. म्हणून नोंदवहीचा पहिला नियम शासननिर्णयातच लिहायला हवा की नोंद केल्याने वस्तू जप्त होणार नाही, जमीन अडकणार नाही, आणि गावाने मूर्तीची पूजा चालू ठेवली तरी हरकत नाही. जिथे १८७८ चा कायदा लागतो तिथे त्यातला वाटा वेळेवर मिळेल, हेही तिथेच सांगावे.

'हे काम सरकार आधीच करते आहे' असे उत्तर येईल. राष्ट्रीय स्मारक व पुरावस्तू अभियान २००७ मध्ये सुरू झाले आणि त्याने १२ लाखांहून अधिक पुरावस्तूंच्या नोंदी डिजिटल केल्या आहेत. संग्रहालयांसाठीचे 'जतन' हे सॉफ्टवेअर तर पुण्याच्या सी-डॅकनेच तयार केले. ही कामे मोठी आहेत आणि त्यांचे मोल मी कमी करत नाही. पण ती मुख्यतः जे आधीच संग्रहात आहे त्याची यादी करतात. काल निफाडच्या द्राक्षबागेत चारी खणताना जे निघाले ते तिथे येण्याची वाट नाही. आणि यादी अद्ययावत नसली की काय होते ते महालेखापरीक्षकांच्या २०१३ च्या अहवालात दिसले. पाहणीत ९२ केंद्रीय संरक्षित स्मारके जागेवर सापडली नव्हती. नंतर शोध घेऊन त्यांतली बरीच सापडली, काही शहरांत आणि धरणांत गेली, आणि चोवीस अखेरपर्यंत मिळाली नाहीत. स्मारके हरवू शकतात, तर मण्यांचे काय?

मराठीतली नोंदवही उभारताना तांत्रिक बाबींपेक्षा भाषा आणि गावांची नावे जास्त त्रास देतील. वीरगळ कोणी 'विरगळ' लिहितो, कोणी 'वीरकल'. शोध घेणाऱ्याला तिन्ही एकत्र मिळाले पाहिजेत, म्हणून आधी मान्य शब्दसूची आणि तिच्याखाली सगळी स्थानिक रूपे. खापरांचे रंग, मातीचे प्रकार, मण्यांची द्रव्ये, यांसाठी डेक्कन कॉलेज आणि राज्य पुरातत्त्व संचालनालयातील मंडळींनी एकत्र बसून ती करायला हवी. पिंपळगाव नावाची गावे महाराष्ट्रात डझनांनी आहेत, तालुके फुटतात, आणि अहमदनगरचे अहिल्यानगर, उस्मानाबादचे धाराशिव होते. नोंद गावाच्या नावाला बांधली तर वीस वर्षांत पुन्हा गोंधळ. म्हणून जनगणनेतला गाव-क्रमांक, गट क्रमांक आणि उपग्रहावरून घेतलेले अक्षांश-रेखांश, तिन्ही हवेत. उजनीच्या पाण्याखालचे पळसदेवचे मंदिर दुष्काळात वर येते, तशा बुडीत ठिकाणांसाठी पाण्याची पातळी आणि तारीखही. आणि खेड्यातल्या माणसाला हे जमणार नाही असे कोणी म्हणू नये. १५ ऑगस्ट २०२१ पासून महाराष्ट्रातला शेतकरी ई-पीक पाहणीत आपल्या शेतात उभा राहून पिकाचे छायाचित्र, ठिकाणासह, स्वतः भरतो आहे. पिकाची नोंद करणाऱ्या हाताला खापराची नोंद अवघड नाही.

खर्चाचा मुद्दा राहिला. 'आर्चेस' नावाची, गेटी संस्थेने आणि वर्ल्ड मॉन्युमेंट्स फंडाने मिळून तयार केलेली वारसा-नोंदणीची प्रणाली मुक्त आहे, कोणालाही विनामूल्य घेऊन आपल्या भाषेत बसवता येते. पैसा लागेल तो माणसांना. महाराष्ट्रात जिल्हे ३६. जिल्ह्याला एक प्रशिक्षित नोंदणी अधिकारी म्हणजे ३६ पदे. इंग्लंड-वेल्स चाळीसच्या आसपास माणसांवर चालते, आणि महाराष्ट्राचे क्षेत्रफळ त्याच्या दुप्पट आहे, तेव्हा ३६ कमीच पडतील. तरी आज शून्य आहेत. पुरातत्त्वाची पदवी घेऊन दरवर्षी बाहेर पडणारी, उत्खननात हात मळलेली मुले कंत्राटी कामे शोधत फिरतात. त्यांना याहून योग्य काम नाही. हा अधिकारी पोलीस पाटलांच्या बैठकीला, जेसीबीवाल्यांच्या संघटनेत, कृषी मेळाव्यात, शाळेत गेला पाहिजे. वस्तू ओळखून दिली, तिची नोंद करून ती परत केली, आणि नोंदीत सापडणाऱ्याच्या संमतीने त्याचे नाव लागले, की पुढच्या वेळी फोन तिकडूनच येईल. डेन्मार्कमध्ये २०१८ पासून आणि नेदरलँड्समध्ये त्याआधीपासून अशाच नोंदवह्या चालू आहेत. दोन्हीकडचा अनुभव ब्रिटनसारखाच आहे, लोक कळवायला तयार असतात, कळवून काही भले होते हे त्यांना दिसले तर.

शासन हे करील तेव्हा करील. तोवर तुमच्या शेतात, विहिरीत, गावच्या पांढरीत काही निघाले तर ते धुऊ नका, घासू नका, जागेवरून उचलण्याआधी थांबा. आजूबाजूची माती, खापरे दिसतील असे छायाचित्र घ्या, शेजारी पट्टी किंवा नाणे ठेवा, गट क्रमांक, जमिनीपासूनची खोली आणि तारीख लिहून ठेवा. मौल्यवान वाटले तर जिल्हाधिकारी कार्यालयात, एरवी राज्य पुरातत्त्व संचालनालयात किंवा जवळच्या विद्यापीठाच्या पुरातत्त्व विभागात लेखी कळवा आणि त्या पत्राची एक प्रत स्वतःजवळ ठेवा.